अंगठा माझा, अर्ज नातीचा

धाकट्या, तुला थोरल्या बहिणीचे आशीर्वाद. थोरली बहीण म्हणजे मी. तुला एकच आहे, तरी सांगून ठेवलेलं बरं. गेल्या महिन्यात तू आमच्याकडे राहून गेलास आणि बसमध्ये चढताना ‘पोचल्याबरोबर कळवतो’ म्हणालास. तेव्हापासून आम्ही असं धरून चाललो आहोत की तू अजून वाटेतच आहेस. तर वाटेत जिथे कुठे असशील तिथे खुशाल असावास. गुडघा कसा आहे? डावा विचारते आहे. इथे असताना उजवा दुखतो म्हणून सांगत होतास, पण लंगडत होतास डाव्याने, तेव्हा मी पायावर विश्वास ठेवला. चष्मा शोधत असशील तर तो कपाळावर आहे. माझं म्हणशील तर बरं चाललं आहे. ऐकायला थोडं कमी येतं, पण मी ज्या घरात राहते तिथे ते दुखणं नाही, सोय आहे.

हे पत्र मी सांगते आणि आपली शिडी लिहिते. (शिडी म्हणजे माझी नात. दाराच्या चौकटीला डोकं आपटायला लागली तेव्हा हे नाव तूच ठेवलंस आणि मग आठवडाभर ‘ही शिडी शिडी कोणाला म्हणता तुम्ही?’ असं सगळ्यांना विचारत हिंडलास.) मी अक्षर शिकले नाही हे तुला ठाऊक आहे. शाळेत तू गेलास. मी रोज तुझा विसरलेला डबा घेऊन शाळेच्या फाटकापर्यंत गेले, म्हणून माझं शिक्षण फाटकापर्यंत झालं असं मी लोकांना सांगते. शिडी म्हणते की मी सांगते ते ती शब्दन् शब्द लिहिते. मला तपासता येत नाही. पण मी ऐसपैस वाक्य सांगावं आणि तिने दोन रेघा ओढून ‘हं, पुढे’ म्हणावं, म्हणजे मला काय ते कळतं. आत्तासुद्धा ती हसते आहे. हेही लिही म्हटलं.

आता मुद्द्याचं. शिडीने अग्निशमन दलाच्या भरतीचा अर्ज भरला, तेव्हा तू इथेच होतास. त्या अर्जात एक चूक राहून गेली आहे. येत्या शुक्रवारपर्यंत ती दुरुस्त झाली तर ठीक, नाही तर पोरीची परीक्षा बुडाली, आणि वर्षभर पहाटे उठून पळाली तेही पाण्यात गेलं. पत्रातलं बाकी सगळं विसरलास तरी चालेल, एवढं ध्यानात ठेव. (शिडी म्हणते बाकीचंही विसरू नका. मी म्हटलं, बाई, त्याच्या डोक्यात जेवढं मावेल तेवढंच घाल, वरून ओतलं तर आतलं सांडेल.)

चूक कशी झाली ते सांगायचं तर आमच्या घरची रीत सांगावी लागेल. या घरातून कोणताही महत्त्वाचा कागद माझ्या अंगठ्याशिवाय बाहेर पडलेला नाही. घर घेतलं, अंगठा माझा. विजेचं मीटर बसवलं, अंगठा माझा. तुझ्या भाच्याला शाळेत घातलं, तिथेही माझाच. पुढे तो शिकला, मास्तर झाला, छान वळणदार सही करायला लागला, सहीखाली दोन टिंबंसुद्धा देतो. पण रीत पडली ती पडली. लागो न लागो, कागदाच्या कोपऱ्यात आईचा अंगठा असला म्हणजे त्याला झोप लागते. त्याच्या लग्नाची नोंद करायला गेलो तेव्हा त्याने तिथल्या अधिकाऱ्याला विचारलं होतं, आईचा अंगठा कुठे घ्यायचा? अधिकाऱ्याने मान वर करून विचारलं, लग्न कोणाचं आहे? सूनबाई ही गोष्ट अजून सांगते, आणि सांगताना हसत नाही. घरात निळ्या शाईची डबी आहे ती माझी, अंगठा पुसायचं फडकं आहे ते माझं, आणि ‘अंगठा’ अशी हाक कोणी मारली तर मी हातातलं काम ठेवून उठते. अशा घराला सरकारने सांगितलं की अर्जाला डाव्या अंगठ्याचा ठसा जोडा. आता तूच सांग, दुसरं काय होणार होतं?

त्या दिवशी शिडी दवाखान्यात रांगेत उभी होती, धडधाकट असल्याचा दाखला आणायला. (धडधाकट माणसाला तीन तास उभं करून मगच तो दाखला देतात. जो उभा राहिला तो धडधाकट.) फोटो आणि सही ती आधीच ‘झालंच’कडे देऊन गेली होती. झालंच तुला आठवत नसणार. आमच्या कोपऱ्यावर ऑनलाइन अर्ज भरून देतो तो. काहीही विचारा, ‘झालंच’ म्हणतो, म्हणून आख्खी गल्ली त्याला झालंचच म्हणते. जिन्याखालची जागा, आत एक संगणक, एक पंखा आणि एक स्टूल; पंखा लावला की कागद उडतात, बंद केला की गिऱ्हाईक उडतं. त्याने तुझ्या भाच्याला सांगितलं की पांढऱ्या कागदावर अंगठा आणा, तेवढा राहिला आहे, अर्ज आजच पाठवायचा आहे. तुझा भाचा धावत घरी आला, माझ्यापुढे कागद ठेवला आणि म्हणाला, आई, अंगठा. मी विचारलं नाही की कोणाचा. स्वयंपाकघरात कोणी ‘मीठ’ म्हटलं तर कोणाचं मीठ असं विचारतो का आपण? मी हात धुतले, पुसले, शाई बेताची घेतली आणि असा ठसा उमटवला की रेघ न् रेघ मोजून घ्यावी. वारा होता म्हणून कागदाचे दोन कोपरे तू धरले होतेस. ठसा बघून म्हणालास, ‘ताई, अंगठा असावा तर असा.’ हे तुला आठवत नसेल. आठवत नसेल तर बरंच आहे, कारण या कामात तू तेवढीच मदत करून थांबला नाहीस. दुसरी मदत काय केलीस ते शेवटी सांगते, आधी पाणी पिऊन ये.

झालं. अर्ज गेला. फोटो शिडीचा, सही शिडीची आणि अंगठा माझा. महिनाभर कोणाला पत्ता नाही. शिडीने अर्ज फोनवर उघडून बघितला होता, पण अंगठा तो अंगठा. निळा डाग बघून माणूस पुढे जातो. मग गेल्या बुधवारी तिने अर्जाची छापील प्रत आणली आणि कौतुकाने माझ्या मांडीवर ठेवली. मी आपली शहाण्यासारखी वरून खाली बघत गेले, कारण वाचता येत नसलं तरी कागद उलटा धरू नये एवढं मला कळतं. आणि खालच्या कोपऱ्यात बघते तर मी! अंगठ्यावर आडवा व्रण, वाकडा, टोकाला वर वळलेला. तो व्रण तुझ्यामुळे आहे. लहानपणी तुला बिस्किटांचा पत्र्याचा डबा उघडून हवा होता, झाकण घट्ट बसलं होतं, मी जोर लावला आणि पत्रा अंगठ्यात गेला. रक्त माझं आलं आणि भोकाड तू पसरलंस. मग आईने तुला गप्प करायला बिस्किटं दिली आणि मला फडकं. तर त्या आख्ख्या कागदावर मला वाचता येणारी एकच गोष्ट होती, ती मी वाचली, आणि म्हटलं, हा तर माझा अंगठा.

त्यानंतर घरात जे झालं ते सांगायला दुसरं पत्र लागेल. तुझा भाचा मास्तर. वह्या तपासून तपासून त्याची नजर अशी झाली आहे की दुसऱ्याची चूक त्याला शेजारच्या खोलीतून दिसते. त्याने आधी झालंचला दोष दिला, मग सरकारला, मग शाईच्या डबीला, मग दवाखान्यातल्या रांगेला. फिरत फिरत चूक त्याच्यापाशी यायला लागली तेव्हा त्याला अचानक वह्या तपासायच्या आठवल्या. सूनबाई मात्र परिचारिका आहे. रक्त बघून जी घाबरत नाही ती अर्ज बघून काय घाबरणार? तिने एवढंच विचारलं, आता करायचं काय? या घरात हा प्रश्न नेहमी तीच विचारते, आणि उत्तर सापडेपर्यंत कपडे वाळत घालते. शिडी गच्चीवर गेली. तिथे तिने पाण्याच्या टाकीला दोर बांधला आहे, त्यावर चढते आणि उतरते. त्या दिवशी इतक्यांदा चढली-उतरली की खालच्या मजल्यावरचे लोक टाकी फुटली का म्हणून विचारायला आले.

दुसऱ्या दिवशी आम्ही चौकशीच्या नंबरावर फोन केला. आधी एक यंत्र बोललं. तुमचा फोन आमच्यासाठी महत्त्वाचा आहे असं ते वारंवार म्हणत होतं आणि उचलत मात्र नव्हतं. मला तुझीच आठवण झाली. मग पेटी वाजावी तसं काहीतरी वाजत राहिलं, शिडी कंटाळून भांडी घासायला गेली, मी फोन कानाला धरून बसले (मला एकट्या म्हातारीला कोणीतरी गाणं ऐकवतं आहे, काय वाईट आहे?) आणि नेमकी तेव्हाच एक बाई बोलायला लागली. मी तिला म्हटलं, बाळ, जेवलीस का? असं तिला कोणी विचारत नसावं. मग आम्ही बोललो. तिचं बोट सुजलं आहे, दिवसभर बटणं दाबून. मी शेक द्यायला सांगितलं. मग मी म्हटलं, हे बघ, अंगठा माझा लागला आहे, आणि मी इथेच आहे, कुठे पळून गेलेली नाही. तर परीक्षेला मीच आले तर चालेल का? ती म्हणाली वयाची अट आहे. मी म्हटलं अट वरची आहे की खालची? तेव्हा ती इतकी हसली की तिच्या शेजारच्या बाईचंही हसू मला ऐकू आलं, या कानांनी.

पण हसणं संपल्यावर तिने जे सांगितलं त्यात हसण्यासारखं काही नव्हतं. परीक्षेच्या दारात यंत्र ठेवलेलं असतं. उमेदवाराने अंगठा त्यावर टेकवायचा. अर्जातल्या अंगठ्याशी जुळला तर आत, नाही तर बाहेर. आणि नुसतं बाहेर नाही. दुसऱ्याच्या नावावर परीक्षा द्यायला आलेला तोतया म्हणून नाव लागतं, आणि मग पुढच्या कुठल्याच भरतीला उभं राहू देत नाहीत. म्हणजे बघ, मुलगी खरी, फोटो खरा, सही खरी, आणि माझ्या एका अंगठ्यापायी ती स्वतःचीच तोतया ठरणार. यावर उपाय काय तर म्हणे दुरुस्तीची खिडकी उघडली आहे, शुक्रवारी संध्याकाळी बंद होईल. मला वाटलं बरं झालं, खिडकी आहे तर जाऊन उभं राहू, आत बसलेल्या माणसाला दोन शब्द सांगू. शिडी म्हणाली, आजी, ती खिडकी संगणकातच आहे. आता संगणकातल्या खिडकीतून कोणाला हाक मारायची?

म्हणून मी म्हटलं, आपण खऱ्या माणसाला भेटू. शिडीला घेतलं आणि गावातल्या अग्निशमन केंद्रावर गेले. मोठं थोरलं दार, आत दोन लाल गाड्या, लख्ख पुसलेल्या. (तुझ्या भाच्याच्या सायकलीला कधी असं फडकं लागलं नाही.) तिथले मुख्य साहेब भले गृहस्थ. मला खुर्ची दिली, चहा दिला, सगळं ऐकून घेतलं, माझा अंगठासुद्धा बघितला. मग म्हणाले, ‘आजी, तुमच्या घराला आग लागली तर मी चहा टाकून येईन. पण हे ऑनलाइन आहे, इथे माझा पाइप पोचत नाही.’ मी म्हटलं, मग तुमचा उपयोग काय? ते म्हणाले, घरीही हेच विचारतात.

आम्ही बोलत होतो तेवढ्यात मी शिडीकडे बघितलं. मागे अंगणात पाण्याचा जाड पाइप कोणीतरी तसाच पसरून ठेवला होता, ओला, वेडावाकडा. हिला कोणी सांगितलं नव्हतं. ही उकिडवी बसली, त्यातलं पाणी काढलं आणि पाइप गुंडाळायला घेतला, दोन्ही हातांनी, सावकाश, झोपलेल्या मुलाचे हातपाय सारखे करावेत तसा. साहेब चहा प्यायचे थांबले. तुला सांगते, मी वर्षभर या पोरीच्या मागे होते की बाई गं, पंख्याखालची नोकरी बघ, टेबलामागे बस, आगीत कशाला जातेस. आग काय, घरात गॅसवर कमी आहे? त्या दिवसापासून मी पंख्याचं नाव काढलेलं नाही. (शिडी लिहायची थांबली आहे. कागदावर इथे डाग दिसला तर तो चहाचा आहे, उगाच भलता अर्थ काढू नकोस.)

तर मग दुरुस्तीच करायची ठरली, त्या संगणकातल्या खिडकीतून. आम्ही सगळे झालंचकडे गेलो. तो म्हणाला, एका मिनिटात झालंच. या वेळी अंगठा शिडीचाच घ्यायचा म्हणून मी मुद्दाम घरी थांबायचं म्हणत होते, माझा अंगठा आसपास असला की लोकांचा घोटाळा होतो. पण मलाच करमेना, म्हणून गेले आणि हात पदराखाली ठेवला. शिडीने अंगठा लावला, झालंचने तो यंत्रावर ठेवून आत चढवला, आणि संगणक म्हणाला ठसा अस्पष्ट. पुन्हा लावला. अस्पष्ट. मी तिचा अंगठा उजेडात धरून बघितला तर त्यावर रेघ म्हणून नाही! दोरावर चढून चढून पोरीने अंगठा असा गुळगुळीत करून टाकला होता की जणू नुकताच विकत आणलेला साबण. ज्या नोकरीसाठी अंगठा हवा त्याच नोकरीच्या तयारीत अंगठा झिजला. तुझा भाचा म्हणाला, मग आईचाच राहू द्या. सूनबाईने त्याच्याकडे नुसतं बघितलं. तो पंखा कसा फिरतो ते बघायला लागला.

मग मी फर्मान काढलं. दोर बंद. भांडी बंद. कपडे पिळायचे नाहीत, दारं ढकलायची नाहीत, डाव्या हाताने काही म्हणजे काही धरायचं नाही. सकाळ-संध्याकाळ अंगठ्याला तेल. शिडी दोन दिवस अंगठा वर करून घरात हिंडत होती, जणू येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला शाबासकी देते आहे. तिच्या वाटणीची भांडी मी घासली. (तुझ्या भाच्याने पाणी ओतायला मदत केली, असं तो म्हणतो.) आणि काल सकाळी बघते तर रेघा परत आल्या होत्या, बारीक, कोवळ्या, पण सगळ्या. आम्ही धावत झालंचकडे. अंगठा लावला, चढवला, संगणकाने घेतला! झालंचने दोन्ही हात वर केले आणि म्हणाला, झालंच! आयुष्यात पहिल्यांदा माझा त्या शब्दावर विश्वास बसला, आणि तिथेच फसले.

कारण संगणक म्हणाला, बदल खरोखर तुम्हीच करता आहात कशावरून? अर्जात दिलेल्या फोन नंबरावर सहा आकडे पाठवले आहेत, ते इथे भरा, मगच हा अंगठा धरू. त्याला ओटीपी म्हणतात. पडद्यावर वेळ उलटी पळायला लागली. आम्ही सगळे एकमेकांकडे बघायला लागलो. शिडीने आपला फोन बघितला. तुझ्या भाच्याने आपला बघितला. सूनबाईने कपाळावर हात मारला, म्हणजे तिला आधी आठवलं. तो नंबर आमच्यापैकी कोणाचाच नव्हता. वेळ संपली, आकडे शिळे झाले, अंगठा परत मागच्या जागी. मी परत.

त्या नंबराचा फोन बंद लागतो. मग आम्ही घरी येऊन झडती घेतली. कशाची ते पुढे सांगते. गाद्या उलट्या केल्या, पिठाचे डबे पालथे केले, जुन्या वर्तमानपत्रांचा गठ्ठा हलवला, आणि त्यामागे एका कपात सूनबाईला दात सापडले. वरचे आणि खालचे, आपापसात हसत होते. जी बाई रोज तुटलेली हाडं बघते तिने अशी किंकाळी फोडली की झालंच दुकान उघडं टाकून आला. अरे, तुझे दात! महिना झाला! महिनाभर तू काय चावत होतास? तुला वाटलं असेल आताशा डाळी फार मऊ शिजायला लागल्या. तुझ्या शेजारच्या शिंप्याला फोन करून विचारलं की याचं तोंड कसं दिसतं, तर तो म्हणाला, चेहरा जरा आत गेलाय खरा, पण आम्हाला वाटलं बहिणीची आठवण येत असेल.

असो. कळावे, काळजी घ्यावी, गार पाण्याने आंघोळ करू नये. आम्ही सगळे मजेत आहोत. शिडीची परीक्षा काय, होईल तर होईल, नाही तर दुसरं काही. मी त्याचा एवढा विचार करत नाही. विचार करून कोणाचा अंगठा बदलला आहे?

तुझी,
थोरली
(सहीऐवजी नेहमीचं)

ता. क. आता पाणी पिऊन झालं असेल तर नीट बस. तो नंबर तुझा आहे. अर्ज भरला त्या दिवशी शिडीचा फोन बादलीत पडून दुरुस्तीला गेला होता. तू झालंचच्या स्टुलावर बसून आपला फोन टेबलावर आपटलास आणि म्हणालास, ‘माझा नंबर घाला, मला तरी कोण फोन करतं?’ आणि आलेला ओटीपी तू इतक्या मोठ्याने वाचून दाखवलास की समोरच्या न्हाव्यालाही पाठ झाला होता. आता तो नंबर बदलावा म्हटलं तर बदलायची परवानगीसुद्धा त्याच नंबरावर येते. म्हणजे पेटीला कुलूप आणि किल्ली पेटीत. शिंप्याला काल विचारायला लावलं तर तू त्याला सांगितलंस की फोन ताईकडेच राहिला. इथे नाही. पिठात हात घालून बघितलं आहे मी. फोन तुझ्याच घरी आहे आणि कुठे आहे ते मला ठाऊक आहे. जपून ठेवायची वस्तू तू काळ्या बुटात ठेवतोस, जे तू कधी घालत नाहीस, डाव्या बुटात. भावजय गेल्यावर तिचं कर्णफूल सापडेना म्हणून तू घर धुंडाळत होतास, ते मीच तिथून काढून तुला दाखवलं होतं आणि तू परत तिथेच ठेवलंस. हे मी फोनवर शिंप्याला सांगू शकले असते. नाही सांगितलं. त्याने तुझ्या बुटात कशाला हात घालावा? म्हणून हे पत्र, बंद पाकिटात, बसच्या ड्रायव्हरच्या हाती. तर फोन काढ, आजच चार्जिंगला लाव, आणि गुरुवारी सकाळी तो चालू ठेवून शिंप्याच्या दुकानात जाऊन बस. झालंच दुकान उघडेल तसे आकडे येतील. ते शिंप्याच्या फोनवरून आम्हाला सांग. डावीकडून उजवीकडे वाच. मध्ये गोष्ट सांगू नकोस.

ता. क. दुसरा. दात माझ्या ताब्यात आहेत. आकडे आले तर दात येतील, नाही तर शुक्रवारनंतर मी ते अग्निशमन केंद्राच्या साहेबांना भेट देईन, त्यांनी मला चहा पाजला आहे. मी बोलते तसं करते हे तुला माहीत आहे. (मामाआजोबा, हे कंसातलं मी माझ्या मनाने लिहिते आहे, आजीला वाचून दाखवणार नाही. त्या कपातलं पाणी तिने कालपासून दोनदा बदललं. आणि परीक्षेचा विचार करत नाही म्हणाली ना? आज सकाळपासून तिने तीनदा माझा अंगठा बघितला.)

ता. क. तिसरा. पाकिटाबरोबर ड्रायव्हरने एक पत्र्याचा डबा दिला असेल. तोच, बिस्किटांचा. झाकण अजून तसंच आहे, बेताने उघड, आपल्या घरातला एक अंगठा त्याने आधीच खाल्ला आहे आणि आता आणखी एकाची भर नको. आत फडक्यात बांधलं आहे ते काढून, धुऊन, तोंडात घाल. तू विरघळून जाऊ नकोस, मी मऊ पडलेले नाही; मला एवढंच सुचलं की बोळक्या तोंडाने तू आकडे सांगशील तर झालंच भलतेच भरेल. डबा रिकामा पाठवू नकोस. भाजलेले शेंगदाणे भरून पाठव, साल काढून, मीठ न लावता, काठोकाठ. पाठवण्याआधी दोन-चार स्वतः चावून बघ, कच्चे राहिले नाहीत ना.